चाचेगिरी, विमान-अपहरण व दहशतवाद : आंतरराष्ट्रीय नियंत्रण

राष्ट्राराष्ट्रांमधील दळणवळणाच्या मार्गांवर किंवा नागरी जीवनावर हिंसेने घाला घालून लूट, खंडणी अथवा राजकीय हेतू साधणाऱ्या गुन्ह्यांचा बंदोबस्त करण्यासाठी राष्ट्रांनी परस्परसंमतीने उभारलेली कायद्याची व यंत्रणेची व्यवस्था. खुल्या समुद्रावर होते ती चाचेगिरी. उड्डाणातील किंवा उड्डाणाच्या तयारीतील विमान बळाने अथवा धाकाने ताब्यात घेणे म्हणजे विमान-अपहरण. जनतेत भीती पसरवून शासनाला किंवा आंतरराष्ट्रीय संघटनेला एखादी गोष्ट करण्यास वा न करण्यास भाग पाडण्यासाठी केलेली हिंसा स्थूलमानाने दहशतवाद या संज्ञेत मोडते. या तिन्ही गुन्ह्यांत एक समान अडचण आहे. गुन्हा एका ठिकाणी घडतो, गुन्हेगार दुसऱ्या देशाचा असतो, बळी पडलेले तिसऱ्या देशाचे असतात आणि आरोपी चौथ्याच देशात आश्रय घेतो. अशा वेळी खटला कोणी चालवावा, हा या विषयातील मूळ प्रश्न होय. त्याचे उत्तर शोधताना जागतिक कायद्याला जे अनुभव आले, त्यांपैकी अनेक महत्त्वाचे अनुभव महाराष्ट्राच्या किनाऱ्याशी, मुंबईच्या विमानतळाशी आणि तेथील न्यायालयांशी निगडित आहेत.

ऐतिहासिक पार्श्वभूमी : पश्चिम किनाऱ्यावरील चाचेगिरीचे उल्लेख फार जुने आहेत. इसवी सनाच्या पहिल्या शतकातील पेरिप्लस या ग्रीक प्रवासवर्णनात कल्याण बंदराचा निर्देश असून त्याच्या दक्षिणेकडील बेटांच्या परिसरात चाचे असल्याची सूचना खलाशांना दिली आहे. कल्याण व सोपारा येथे उतरलेला माल त्या काळी दोन मुख्य वाटांनी घाटमाथ्यावर जाई. एक वाट आजच्या मुरबाड तालुक्यातून वैशाखऱ्याजवळ नाणेघाट चढून जुन्नरकडे जात असे व दुसरी आजच्या शहापूर तालुक्यातून थळ घाटाने नासिककडे. समुद्र असुरक्षित झाला की या वाटांवरील तांडे रोडावत आणि नाणेघाटातील जकातीचे उत्पन्न घटे. समुद्रावरील गुन्ह्याची झळ समुद्र न पाहिलेल्या गावांनाही पोहोचते, ही गोष्ट या प्रदेशाला तेव्हापासून परिचित आहे.

तेराव्या शतकाच्या अखेरीस मार्को पोलोने ठाण्याच्या राज्याचे वर्णन केले आहे. या किनाऱ्यावरून अनेक चाचे व्यापाऱ्यांची जहाजे लुटण्यास निघतात आणि त्यांचा तेथील राजाशी करार आहे, असे तो नमूद करतो. लुटीतील घोडे राजाला व बाकीचा माल चाच्यांना, अशी ही वाटणी होती. राजसत्तेनेच पाठीशी घातलेला चाचा कोणी पकडायचा, हा पेच या हकिकतीत दिसतो. दहशतवादाला राज्यसंस्थेकडून मिळणाऱ्या आश्रयाच्या रूपाने तो पुढेही कायम राहिला.

सप्टेंबर १६९५ मध्ये हेन्री एव्हरी या इंग्रज चाच्याने मक्केहून सुरतेकडे परतणारे गंज-इ-सवाई हे मोगल जहाज लुटले. औरंगजेबाने त्याबद्दल ईस्ट इंडिया कंपनीला जबाबदार धरले व सुरतेतील इंग्रजांना कैदेत टाकले. आपल्या प्रजाजनांच्या सागरी गुन्ह्यांसाठी राज्य कितपत जबाबदार असते, हा वाद त्यामुळे उपस्थित झाला. उलटपक्षी, मराठ्यांचे सरखेल कान्होजी आंग्रे (१६६९–१७२९) यांना इंग्रज व पोर्तुगीज चाचे म्हणत. वस्तुतः आंग्रे मराठी राज्याचे अधिकारी होते. आपल्या किनाऱ्यावरून जाणाऱ्या व्यापारी जहाजांना ते दस्तक देत व दस्तक नसलेली जहाजे धरत. पोर्तुगीजांची कार्ताझ पद्धती याहून निराळी नव्हती. एका बाजूच्या नोंदीत जो चाचा ठरतो, तो दुसऱ्या बाजूच्या नोंदीत आरमाराचा प्रमुख असतो. व्याख्येचा हा वाद विसाव्या शतकात दहशतवादाच्या संदर्भात पुन्हा उद्‌भवला.

चाचेगिरी व सागरी कायदा : चाचा हा सर्व मानवजातीचा शत्रू होय, हे तत्त्व रोमन परंपरेतून यूरोपीय कायद्यात आले. त्यातूनच सार्वत्रिक अधिकारक्षेत्राची कल्पना निघाली. तिच्यानुसार चाचा कोणत्याही देशाचा असला आणि त्याने कोणत्याही देशाचे जहाज लुटले, तरी त्याला खुल्या समुद्रावर पकडणाऱ्या राष्ट्राला त्याच्यावर खटला भरता येतो. हे तत्त्व १९५८ च्या जिनीव्हा करारात व त्यानंतर १९८२ च्या सागरी कायदाविषयक संयुक्त राष्ट्रांच्या करारात (कलमे १०० ते १०७) ग्रथित झाले. भारताने १९९५ मध्ये या दुसऱ्या करारास अनुसमर्थन दिले. त्यातील व्याख्येला दोन मर्यादा आहेत : कृत्य खाजगी हेतूने केलेले असावे आणि एका जहाजावरील लोकांनी दुसऱ्या जहाजाविरुद्ध केलेले असावे. शिवाय ते खुल्या समुद्रावर घडावे लागते. किनारी राष्ट्राच्या बारा सागरी मैलांच्या हद्दीत घडलेला तसाच प्रकार आंतरराष्ट्रीय कायद्याच्या दृष्टीने चाचेगिरी नसून त्या राष्ट्राच्या कायद्याखालील दरोडा ठरतो.

या व्याख्येतील उणीव ऑक्टोबर १९८५ मध्ये उघड झाली. ईजिप्तजवळ आकिले लाउरो हे इटालियन प्रवासी जहाज त्यावर प्रवासी म्हणून चढलेल्या सशस्त्र पॅलेस्टिनी इसमांनी ताब्यात घेतले आणि एका अमेरिकन प्रवाशाला ठार केले. येथे दुसरे जहाज नव्हते व हेतू राजकीय होता. ही उणीव भरून काढण्यासाठी १० मार्च १९८८ रोजी रोम येथे सागरी नौकानयनाच्या सुरक्षिततेविरुद्धची बेकायदा कृत्ये दडपण्यासंबंधीचा करार संमत झाला व तो १९९२ मध्ये अंमलात आला. हेतू कोणताही असला, तरी जहाज बळाने ताब्यात घेणे हा या कराराखाली गुन्हा असून आरोपीवर खटला भरावा किंवा त्याला संबंधित राष्ट्राच्या स्वाधीन करावे, असे बंधन सदस्य-राष्ट्रांवर आहे. भारताने त्यासाठी २००२ मध्ये स्वतंत्र कायदा केला.

करार मान्य करणे आणि तो देशाच्या न्यायालयात उपयोगी पडणे या दोन भिन्न गोष्टी आहेत, याचा प्रत्यय ॲलोन्ड्रा रेनबो प्रकरणाने दिला. पनामाचा ध्वज असलेले हे जपानी मालकीचे जहाज सुमारे सात हजार टन ॲल्युमिनियम घेऊन ऑक्टोबर १९९९ मध्ये इंडोनेशियातून जपानकडे निघाले असता चाच्यांनी बळकावले. त्यांनी त्यावरील सतरा खलाशांना तराफ्यावर सोडून दिले. काही दिवसांनी थायलंडच्या मच्छीमारांनी त्यांना वाचविले. जहाजाचे नाव बदलून चाचे अरबी समुद्रात आले. नोव्हेंबरमध्ये भारतीय तटरक्षक दलाचे ताराबाई हे जहाज व नौदलाची प्रहार ही युद्धनौका यांनी पाठलाग करून त्यांना पकडले व मुंबईस आणले. त्या वेळी भारतीय दंड संहितेत चाचेगिरी हा स्वतंत्र गुन्हा नव्हता. आरोपी, जहाज, खलाशी आणि माल यांपैकी काहीही भारतीय नव्हते व गुन्ह्याची सुरुवात भारतापासून हजारो किलोमीटरांवर झाली होती. त्यामुळे फिर्यादीला दरोड्याची कलमे आणि सागरी अधिकारक्षेत्राविषयीचे जुने ब्रिटिश कायदे यांवर विसंबावे लागले. मुंबईच्या सत्र न्यायालयाने २००३ मध्ये आरोपींना शिक्षा ठोठावली; परंतु २००५ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने त्यांची निर्दोष मुक्तता केली.

सोमालियाच्या किनाऱ्यावरील चाचेगिरी २००८ पासून वाढली. संयुक्त राष्ट्रांच्या सुरक्षा समितीने २ जून २००८ च्या ठराव क्रमांक १८१६ अन्वये सहकारी राष्ट्रांना, सोमाली शासनाच्या संमतीने, त्या देशाच्या सागरी हद्दीतही चाच्यांचा पाठलाग करण्याची मुभा दिली. ही मुभा वेळोवेळी वाढविण्यात येऊन मार्च २०२२ मध्ये संपुष्टात आली. भारतीय नौदलाने २०११ च्या पहिल्या तिमाहीत शंभराहून अधिक सोमाली संशयितांना पकडून मुंबईस आणले. त्यांचे खटले २०१७ पर्यंत रेंगाळले. आपल्या देशाची वकिलात, भाषेचा जाणकार किंवा नातलग जवळ नसताना त्यांना अनेक वर्षे कच्च्या कैदेत काढावी लागली. दुसऱ्या बाजूला, ओलीस ठेवलेल्या खलाशांत भारतीयांची संख्या लक्षणीय होती आणि त्यांची कुटुंबे महिनोन् महिने खंडणीच्या वाटाघाटींकडे डोळे लावून बसलेली असत.

या अनुभवांनंतर संसदेने सागरी चाचेगिरी विरोधी अधिनियम, २०२२ संमत केला व तो फेब्रुवारी २०२३ मध्ये अंमलात आला. आंतरराष्ट्रीय कराराची व्याख्या त्यामुळे भारतीय कायद्याचा भाग झाली. चाचेगिरीस जन्मठेपेपर्यंत आणि त्यात मृत्यू घडून आल्यास देहान्तापर्यंत शिक्षेची तरतूद आहे. मार्च २०२४ मध्ये भारतीय नौदलाच्या कोलकाता या विनाशिकेने किनाऱ्यापासून सुमारे २,६०० किमी.वर रुएन हे माल्टाचा ध्वज असलेले जहाज अडविले. नौदलाचे कमांडो वायुसेनेच्या विमानातून समुद्रात उतरविण्यात आले. सुमारे चाळीस तासांच्या कारवाईनंतर ३५ चाचे शरण आले व १७ खलाशी सुखरूप सुटले. चाच्यांना मुंबई पोलिसांच्या स्वाधीन करण्यात आले. १९९९ मध्ये जो कायदा नव्हता, तो आता उपलब्ध होता.

विमान-अपहरण : विमान-अपहरणाचे तुरळक प्रकार १९३० नंतर घडू लागले, तथापि त्यांचा सुळसुळाट झाला तो १९६८ नंतर. या संबंधातील पहिला करार टोकिओ येथे १४ सप्टेंबर १९६३ रोजी झाला. त्याने विमानाच्या प्रमुख चालकाला उपद्रवी प्रवाशाला आवरण्याचे अधिकार दिले आणि अपहृत विमान उतरेल त्या राष्ट्रावर प्रवाशांना पुढे जाऊ देण्याचे व विमान परत करण्याचे बंधन घातले. अपहरणकर्त्याला शिक्षा करण्याचे बंधन मात्र त्यात नव्हते. सप्टेंबर १९७० मध्ये पॅलेस्टिनी संघटनेने अनेक विमाने पळवून त्यांपैकी तीन जॉर्डनमधील वाळवंटात उतरविली व नंतर उडवून दिली. त्यानंतर तीन महिन्यांतच, १६ डिसेंबर १९७० रोजी हेग येथे नवा करार झाला. त्याने विमान-अपहरण हा कडक शिक्षेस पात्र असा गुन्हा ठरविला. प्रवासी चढल्यावर विमानाचे बाहेरील दरवाजे बंद झाल्यापासून ते उतरण्यासाठी पुन्हा उघडेपर्यंतचा काळ उड्डाणकाळ मानला गेला. कराराचा गाभा सातव्या कलमात आहे : ज्या राष्ट्रात आरोपी सापडेल, त्याने त्याला मागणी करणाऱ्या राष्ट्राच्या स्वाधीन करावे, तसे न केल्यास कोणताही अपवाद न करता त्याचे प्रकरण आपल्या फिर्याद-यंत्रणेकडे सोपवावे. ‘स्वाधीन करा किंवा खटला चालवा’ हे सूत्र पुढील बहुतेक सर्व दहशतवादविरोधी करारांनी स्वीकारले. २३ सप्टेंबर १९७१ च्या माँट्रिऑल कराराने विमानात स्फोटके ठेवणे, विमान नष्ट करणे व खोटी माहिती देऊन विमान धोक्यात आणणे या कृत्यांचा समावेश केला. १९८८ च्या पूरक मसुद्याने हे संरक्षण विमानतळांनाही लागू केले.

भारताला या प्रश्नाची झळ ३० जानेवारी १९७१ रोजी बसली. श्रीनगरहून जम्मूस निघालेले गंगा हे विमान लाहोरला पळविण्यात आले. प्रवासी सुटले, परंतु विमान जाळण्यात आले. भारताने आपल्या हद्दीवरून पाकिस्तानी विमानांच्या उड्डाणास बंदी घातली. पाकिस्तानने त्याविरुद्ध आंतरराष्ट्रीय नागरी विमान वाहतूक संघटनेकडे दाद मागितली. संघटनेच्या परिषदेला त्या तक्रारीचा विचार करण्याचा अधिकार आहे, असा निर्णय आंतरराष्ट्रीय न्यायालयाने १९७२ मध्ये दिला. भारताने टोकिओ करारासाठी १९७५ मध्ये आणि हेग व माँट्रिऑल करारांसाठी १९८२ मध्ये कायदे केले.

५ सप्टेंबर १९८६ रोजी मुंबईहून न्यूयॉर्कला निघालेले पॅन ॲमचे विमान कराची येथे चार सशस्त्र इसमांनी ताब्यात घेतले. वरिष्ठ परिचारिका नीरजा भनोत यांनी इशारा देताच वैमानिक आपल्या कक्षातून निसटले. त्यामुळे विमान उडविणे अपहरणकर्त्यांना अशक्य झाले. सुमारे सोळा तासांनी त्यांनी गोळीबार केला व त्यात वीसहून अधिक माणसे मृत्युमुखी पडली. प्रवाशांना बाहेर काढताना नीरजा भनोत यांना वीरमरण आले. त्यांना मरणोत्तर अशोकचक्र देण्यात आले. अपहरणकर्त्यांवर पाकिस्तानात खटला चालला. पुढे त्यांच्या म्होरक्याला अमेरिकेने २००१ मध्ये पकडले व २००४ मध्ये तेथील न्यायालयाने त्याला १६० वर्षांची कैद दिली. त्याआधी २३ जून १९८५ रोजी माँट्रिऑलहून लंडन व दिल्लीमार्गे मुंबईकडे येणारे एअर इंडियाचे कनिष्क हे विमान अटलांटिकवर स्फोटाने कोसळून ३२९ जण ठार झाले होते. डिसेंबर १९८८ मध्ये स्कॉटलंडमधील लॉकर्बी येथे असाच स्फोट झाला. श्वानांना व यंत्रांना ओळखता यावे म्हणून आकार्य स्फोटकांत विशिष्ट रसायन मिसळण्याची सक्ती करणारा करार त्यानंतर १ मार्च १९९१ रोजी माँट्रिऑल येथे झाला.

डिसेंबर १९९९ मध्ये काठमांडूहून दिल्लीस निघालेले इंडियन एअरलाइन्सचे विमान कंदाहारला नेण्यात आले व ओलिसांच्या सुटकेसाठी भारताला तीन कैदी सोडावे लागले. अफगाणिस्तानात त्या वेळी सत्तेवर असलेल्या तालिबानला बहुतेक राष्ट्रांची मान्यता नव्हती. त्यामुळे हेग कराराचे बंधन प्रत्यक्षात कोणावर लादायचे, हा प्रश्न निरुत्तर राहिला. ११ सप्टेंबर २००१ च्या अमेरिकेतील हल्ल्यांत विमानाचाच शस्त्र म्हणून वापर झाला. हे कृत्य २०१० च्या बीजिंग कराराने गुन्हा ठरविले. भारताने बीजिंगच्या पूरक मसुद्यास अनुसरून २०१६ मध्ये नवा अपहरणविरोधी कायदा केला. त्यात विश्वासार्ह वाटणारी धमकी हाही अपहरणाचाच भाग मानला आहे. ऑक्टोबर २०१७ मध्ये मुंबईहून दिल्लीस निघालेल्या विमानात धमकीची चिठ्ठी सापडली व विमान अहमदाबादला उतरवावे लागले. या प्रकरणी विशेष न्यायालयाने २०१९ मध्ये एका प्रवाशाला जन्मठेप दिली. परंतु २०२३ मध्ये गुजरात उच्च न्यायालयाने त्याची निर्दोष मुक्तता केली. कायदा जितका कडक, तितकी पुराव्याची छाननी काटेकोर असावी लागते, हे या प्रकरणावरून दिसून येते.

दहशतवाद : दहशतवादाविरुद्ध सर्वसाधारण करार करण्याचा पहिला प्रयत्न राष्ट्रसंघाने केला. ऑक्टोबर १९३४ मध्ये मार्सेय येथे यूगोस्लाव्हियाचा राजा अलेक्झांडर याचा खून झाल्यावर १६ नोव्हेंबर १९३७ रोजी जिनीव्हा येथे करार तयार झाला. त्यावर चोवीस राष्ट्रांनी सह्या केल्या; पण अनुसमर्थन केवळ ब्रिटिश अंमलाखालील भारताने दिले आणि करार अंमलात आलाच नाही. १९७२ च्या म्यूनिक ऑलिंपिकमधील हत्याकांडानंतर संयुक्त राष्ट्रांच्या आमसभेने हा विषय पुन्हा हाती घेतला. स्वातंत्र्यासाठी लढणाऱ्यांना दहशतवादी म्हणावे काय, या मुद्द्यावर मतैक्य होईना. तेव्हा व्याख्येचा वाद बाजूला ठेवून एकेका कृत्याविरुद्ध स्वतंत्र करार करण्याचा मार्ग राष्ट्रांनी अवलंबिला. त्यातून राजनैतिक प्रतिनिधींचे संरक्षण (१९७३), ओलीस ठेवणे (१९७९), बाँबस्फोट (१९९७), दहशतवादाला अर्थपुरवठा (१९९९) व आण्विक दहशतवाद (२००५) यांविषयीचे करार झाले. सर्वसमावेशक कराराचा मसुदा भारताने १९९६ मध्ये मांडला. मात्र व्याख्येवरील मतभेदांमुळे तो संमत होऊ शकलेला नाही.

सुरक्षा समितीच्या ठराव क्रमांक १२६७ ने (१९९९) नामनिर्देशित व्यक्ती व संघटना यांची मालमत्ता गोठविण्याची पद्धत सुरू केली. २८ सप्टेंबर २००१ च्या ठराव क्रमांक १३७३ ने सर्व सदस्य-राष्ट्रांवर दहशतवादाचा अर्थपुरवठा रोखण्याचे व दहशतवाद्यांना आश्रय न देण्याचे बंधन घातले. करार मान्य करणे राष्ट्राच्या इच्छेवर असते. समितीचे असे ठराव मात्र सर्वांना बंधनकारक असतात.

प्रत्यर्पण व मुंबईतील खटले : एका राष्ट्राने आपल्या हद्दीत सापडलेला आरोपी दुसऱ्या राष्ट्राच्या न्यायालयासाठी त्याच्या स्वाधीन करणे, यास प्रत्यर्पण म्हणतात. राजकीय स्वरूपाच्या गुन्ह्यासाठी प्रत्यर्पण न करण्याची प्रथा एकोणिसाव्या शतकापासून रूढ आहे. १९९७ च्या बाँबस्फोटविषयक कराराने (कलम ११) हा अपवाद त्या गुन्ह्यापुरता रद्द केला. १२ मार्च १९९३ रोजी मुंबईत झालेल्या साखळी बाँबस्फोटांत २५७ माणसे मृत्युमुखी पडली. त्यासाठी वापरलेली स्फोटके रायगड जिल्ह्याच्या किनाऱ्यावर दिघी व शेखाडी येथे उतरविण्यात आली होती. या खटल्यातील एक आरोपी अबू सालेम २००२ मध्ये लिस्बन येथे पकडला गेला. भारत व पोर्तुगाल यांच्यात प्रत्यर्पणाचा करार नव्हता. भारताने १९९७ च्या कराराचा व परस्परतेच्या आश्वासनाचा आधार घेतला. पोर्तुगालमध्ये देहान्ताची शिक्षा नसल्याने, ती दिली जाणार नाही व पंचवीस वर्षांहून अधिक कैद होणार नाही, असे वचन भारत सरकारने डिसेंबर २००२ मध्ये दिले. नोव्हेंबर २००५ मध्ये सालेमला भारतात आणण्यात आले. विशेष न्यायालयाने २०१७ मध्ये त्याला जन्मठेप दिली. परंतु परराष्ट्राला दिलेले वचन सरकारने पाळलेच पाहिजे, असे सर्वोच्च न्यायालयाने ११ जुलै २०२२ रोजी स्पष्ट केले. स्फोटांत आप्त गमावलेल्यांच्या दृष्टीने ही मर्यादा क्लेशदायक आहे. तथापि असे वचन मोडल्यास पुढील आरोपी कोणतेही राष्ट्र स्वाधीन करणार नाही, ही त्यामागील व्यावहारिक बाजू होय.

२६ नोव्हेंबर २००८ रोजी दहा हल्लेखोर समुद्रमार्गाने मुंबईत शिरले. त्यांनी कुबेर ही भारतीय मासेमारी नौका बळकावली होती. म्हणजे या दहशतवादी कृत्याचा आरंभ एका नौकेच्या अपहरणाने झाला. हल्ल्यात १६६ जण ठार झाले. सहायक उपनिरीक्षक तुकाराम ओंबळे यांच्या प्राणार्पणामुळे जिवंत सापडलेल्या अजमल कसाबवर खुला खटला चालला. त्याला वकील देण्यात आला आणि तिन्ही न्यायालयांतून शिक्षा कायम झाल्यावर २१ नोव्हेंबर २०१२ रोजी त्याला येरवडा कारागृहात फाशी देण्यात आली. कटातील अन्य आरोपी परदेशांत राहिल्याने प्रत्यर्पणाचा प्रश्न दीर्घकाळ चालू राहिला. त्यांपैकी तहव्वुर राणा याला अमेरिकेने १९९७ च्या द्विपक्षीय कराराखाली एप्रिल २०२५ मध्ये भारताच्या स्वाधीन केले. गुन्हा व प्रत्यर्पण यांत सोळा वर्षांहून अधिक काळ गेला.

अंतर्भागाशी संबंध : हे करार बंदरे, विमानतळ व राजधान्या यांच्यापुरतेच आहेत, असा समज आढळतो. ठाणे जिल्ह्याच्या शहापूर व मुरबाड या सह्याद्रीच्या पायथ्याच्या तालुक्यांना आज समुद्रकिनारा नाही. तरीही १९९७ च्या कराराची व्याप्ती समजण्यास त्यांचे उदाहरण उपयुक्त आहे. त्या कराराने सार्वजनिक ठिकाणे व शासकीय इमारती यांच्याबरोबर सार्वजनिक वाहतूक आणि पाणी, मलनिःसारण, ऊर्जा, इंधन व दळणवळण पुरविणाऱ्या सुविधांनाही संरक्षण दिले आहे. १८९२ पासून मुंबईस पाणी पुरविणारा तानसा तलाव आणि त्याहून मोठा भातसा प्रकल्प शहापूर तालुक्यात आहेत. कसारा, खर्डी, आटगाव, आसनगाव व वासिंद ही मध्य रेल्वेवरील स्थानके त्याच तालुक्यातील असून तेथून रोज कामासाठी मुंबईस जाणारे लोक छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनसपर्यंत प्रवास करतात. मुरबाडहून निघालेला माणूस एस. टी.ने कल्याणला येऊन त्याच गाड्या पकडतो. १३ मार्च २००३ रोजी मुलुंड येथे स्फोट झालेली गाडी आणि २००८ मध्ये गोळीबार झालेले ते टर्मिनस या नित्याच्या वाटेवरील आहेत.

मात्र कराराच्या तिसऱ्या कलमानुसार गुन्हा एकाच राष्ट्रात घडला असेल, आरोपी व बळी त्याच राष्ट्राचे नागरिक असतील आणि आरोपीही तेथेच सापडला असेल, तर करार लागू होत नाही. अशा प्रसंगी बेकायदा कृत्ये (प्रतिबंध) अधिनियम, १९६७, राष्ट्रीय तपास संस्थेचा २००८ चा कायदा आणि १ जुलै २०२४ पासून अंमलात आलेली भारतीय न्याय संहिता हे देशी कायदेच प्रमाण असतात. स्फोटकांचा साठा व वाहतूक यांवरील नियंत्रणही देशी कायद्याखालीच चालते. त्याची मध्यवर्ती संस्था नागपूर येथे आहे. खाणीसाठी आणलेल्या स्फोटकांची नोंद व्यवस्थित ठेवणारा परवानाधारक, अनोळखी होडीची वर्दी देणारा मच्छीमार आणि जलवाहिनीवरील पहारेकरी हे या व्यवस्थेचे अगदी तळचे, पण आवश्यक घटक होत.

मूल्यमापन : गेल्या अर्धशतकातील या प्रयत्नांचे यश सर्व क्षेत्रांत सारखे नाही. विमान-अपहरणाच्या बाबतीत बहुसंख्य राष्ट्रांनी हेग व माँट्रिऑल करार स्वीकारले आणि विमानतळांवरील झडती सार्वत्रिक झाली. त्यामुळे १९७० च्या सुमारास वारंवार घडणारा हा गुन्हा विरळ झाला. चाचेगिरीच्या बाबतीत अधिकारक्षेत्राचे तत्त्व जुने व सर्वमान्य असूनही देशी कायद्याच्या अभावी ते दुबळे राहिले. तो अभाव भारताने उशिरा भरून काढला. दहशतवादाच्या बाबतीत कृत्यांविषयी पुष्कळसे मतैक्य झाले. परंतु व्याख्येविषयी ते झालेले नाही. आश्रय देणाऱ्या राष्ट्राची इच्छा नसेल, तर ‘स्वाधीन करा किंवा खटला चालवा’ हे सूत्र कागदावरच राहते.

या व्यवस्थेवर दोन परस्परविरोधी आक्षेप घेतले जातात. ती फार संथ व सौम्य आहे, असे बळींच्या आप्तांना वाटते. तर दहशतवादाच्या नावाखाली दीर्घ कैद, कठोर कायदे व नामनिर्देशनाच्या गुप्त पद्धती यांमुळे नागरिकांचे हक्क धोक्यात येतात, असे न्यायविदांचे म्हणणे आहे. आरोपीला योग्य वागणूक व न्याय्य खटला मिळाला पाहिजे, अशी हमी १९९७ च्या करारातच (कलम १४) आहे. सालेमच्या शिक्षेवरील मर्यादा आणि ॲलोन्ड्रा रेनबो प्रकरणातील मुक्तता या दोन्ही गोष्टी प्रथमदर्शनी कायद्याच्या उणिवा वाटतात. परंतु पहिलीत राष्ट्राचे वचन पाळले गेले आणि दुसरीतून नव्या कायद्याची गरज उघड झाली. परदेशी न्यायालये आपल्या ताब्यातील आरोपी दुसऱ्या राष्ट्राच्या स्वाधीन करतात, ती तेथील न्यायपद्धतीवर विश्वास ठेवूनच. हा विश्वास टिकविणे हे गुन्हेगाराला पकडण्याइतकेच या नियंत्रणव्यवस्थेचे महत्त्वाचे अंग आहे.